करांदा, मिरी आणि निगरगट्ट जंतू
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



माझे शिक्षण सातवीपर्यंत. तेव्हा ‘जंतूंवर ही काय बोलणार?’ असे कोणाच्या मनात आले तर नवल नाही. पण दापोडीहून लोकलने निघाले की कासारवाडीपुढे पिंपरी. तिथेच 1954 साली हिंदुस्तान अँटिबायॉटिक्स हा सरकारी कारखाना स्थापन झाला आणि पुढच्या वर्षी पेनिसिलिन बनू लागले. पेनिसिलिनच्या शेजारणींनी चार शब्द बोलायला हरकत नसावी.

गेल्या वर्षी सासूबाईंना लघवीचा त्रास झाला. गोळ्या घेऊनही ताप हटेना. तपासणीच्या कागदावर औषधांची लांबलचक यादी आणि बहुतेकांपुढे ‘आर’ हे अक्षर. म्हणजे जंतू त्या औषधाला दाद देत नाही. अखेर सात दिवस शिरेतून इंजेक्शने दिली. त्या बऱ्या झाल्या, इथेच पुढे बसल्या आहेत. पण ते सात दिवस घरात कोणाला अन्न गोड लागले नाही.

जंतू इतके निगरगट्ट होतात कसे? कित्येकांच्या अंगात औषध बाहेर उपसून टाकणारा पंपच असतो. कित्येकांजवळ औषध निकामी करण्याची विद्या एका बारीक गोल धाग्यावर असते. तो धागा ते शेजारच्या जंतूलाही देतात, आपण लोणच्याची कृती देतो तसा. (आपण एखादा जिन्नस मुद्दाम गाळतो, जंतू तेवढेही करीत नाहीत.)

पुण्याच्या वर्षा श्रीराम व त्यांच्या सहकाऱ्यांनी कडू करांद्यातून एक द्रव्य वेगळे काढले. त्याच्या संगतीत काही जंतूंनी तो धागाच टाकून दिला आणि जुनी औषधे त्यांना पुन्हा लागू पडू लागली, असे त्यांनी 2008 साली प्रसिद्ध केले. त्याआधी, 2006 साली, जम्मूच्या शास्त्रज्ञांनी मिरीतल्या पायपरिनने पू करणाऱ्या एका जंतूवर सिप्रोफ्लॉक्सासिन जास्त चालते असे दाखवले होते. मिरीने त्याचा उपसाच रोखला!

मात्र हे सारे काचेच्या नळीतले. म्हणून कोणी करांद्याचा काढा उकळू नये. कडू करांद्याने यकृताला इजा झाल्याची उदाहरणे आहेत. मिरी सारात घालावी, पण गोळीच्या जागी नाही. औषध अपुरे घेतले तर जंतू शहाणे होतील, हे पेनिसिलिन शोधणाऱ्या फ्लेमिंगसाहेबांनी 1945 सालीच नोबेल पारितोषिकाच्या भाषणात सांगितले होते. तरी आपल्या आळीत उरलेल्या गोळ्या अजून वाटीभर साखरेसारख्या उसन्या जातात.

आणि तो तपासणीचा कागद फेकू नका. पुढच्या आजारपणात डॉक्टर तो मागतात. आमच्याकडे तो रेशनकार्डाच्या पिशवीत ठेवला आहे.