नाताळच्या दिवसांत पणजी दाखविताना

(नाताळच्या काळात पर्यटकांना पणजी शहर पायी फिरवून दाखविणारे स्थानिक मार्गदर्शक आणि शिक्षक यांच्यासाठी भरविलेल्या एकदिवसीय वर्गात एका प्रसिद्धी अधिकाऱ्याने केलेले भाषण.)



डिसेंबर महिना तोंडावर आला आहे. थोड्याच दिवसांत आपल्यापैकी अनेक जण दहा-पंधरा पाहुण्यांची तुकडी घेऊन चर्च चौकातून फोंतेन्हासच्या गल्ल्यांत उतराल आणि या शहराचा नाताळ त्यांना दाखवाल. काय दाखवावे, याची यादी आपणांस या वर्गात मिळेलच. ते कसे दाखवावे, याविषयी चार शब्द बोलण्यासाठी मी उभा आहे.

प्रथम शब्दापासूनच सुरुवात करू. ‘नाताळ’ हा शब्द आज मराठीत इतका रुळला आहे की तो बाहेरून आला असे वाटतही नाही. पोर्तुगीज भाषेतून तो आपल्याकडे आला. त्याचे मूळ लॅटिनमध्ये असून त्याचा संबंध जन्माशी आहे. शब्द घेताना आपण मागेपुढे पाहिले नाही, आणि कथेच्या बाबतीतही तसेच झाले. फादर थॉमस स्टीफन्स यांचे ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ साली सासष्टीतील राशोल येथे छापले गेले. सुमारे अकरा हजार ओव्यांच्या या ग्रंथात बेथलेहेम येथील जन्माची कथा मराठी ओवीत सांगितलेली आहे. ज्या काळी युरोपातून आलेले अनेक धर्मोपदेशक येथील भाषेस तुच्छ लेखीत, त्या काळी या इंग्रज पाद्र्याने मराठीची मनापासून स्तुती केली. मराठी बोलणाऱ्या पाहुण्यांपुढे आपण उभे राहाल, तेव्हा ही गोष्ट अवश्य सांगावी. म्हणजे नाताळ हा केवळ दुसऱ्या कोणाचा सण आहे, ही भावना पहिल्या पावलालाच गळून पडेल.

आता फेरीचा आरंभ. चर्च चौकात उभे राहिले की पांढरे शुभ्र इमॅक्युलेट कन्सेप्शन चर्च आणि त्याच्या नागमोडी पायऱ्या दृष्टीस पडतात. येथे पहिले प्रार्थनामंदिर १५४१ साली बांधले गेले आणि १६१९ मध्ये त्याची पुनर्बांधणी झाली. त्या वेळी पणजी हे राजधानीचे शहर नव्हते. राजधानी जुन्या गोव्याहून येथे अधिकृतपणे आली ती १८४३ साली. चर्चच्या माथ्यावर जी मोठी घंटा दिसते, ती जुन्या गोव्यातील ऑगस्टिनियन मठाची. मठ ओस पडल्यानंतर ही घंटा काही काळ आग्वादच्या दीपगृहात होती. पुढे १८७१ साली ती येथे आणण्यात आली. ज्या मठाची ही घंटा, त्याच्या मनोऱ्याचा एक तुटका भाग तेवढा जुन्या गोव्यात आज उभा आहे. घंटा मात्र अजून आपले काम करीत आहे.

पणजीच्या डिसेंबर महिन्याचा क्रमही पाहुण्यांना सांगावा. ३ डिसेंबरला जुन्या गोव्यात संत फ्रान्सिस झेवियर यांचे फेस्त, ८ डिसेंबरला याच चर्चचे फेस्त, १९ डिसेंबरला १९६१ च्या मुक्तीचा दिवस आणि त्यानंतर नाताळ. २४ तारखेच्या रात्रीच्या प्रार्थनेस जुनी माणसे ‘मिसा दु गालु’ म्हणजे कोंबड्याची मिस्सा म्हणत. येशूच्या जन्माची वार्ता प्रथम कोंबड्याने आरवून दिली, या लोकसमजुतीतून ते नाव पडले. रूढीने ही मिस्सा मध्यरात्री होते. काही ठिकाणी ती आता थोडी आधीही होते. ती प्रार्थना आहे, खेळ नव्हे, याची जाणीव पाहुण्यांना चर्चच्या पायरीवरच करून द्यावी.

चर्चकडून आपण फोंतेन्हास आणि मळा या भागांत याल. फोंतेन्हास हे नाव तेथील झऱ्यावरून पडले. अरुंद गल्ल्या, निळ्या, पिवळ्या, तांबूस रंगांच्या भिंती, लाकडी सज्जे आणि कौलारू छपरे, असा हा परिसर आहे. येथील संत सेबास्टियनचे छोटे चर्च एकोणिसाव्या शतकातील. त्यातील क्रुसावरील येशूची मूर्ती मान ताठ आणि डोळे उघडे असलेली आहे. ती एके काळी जुन्या गोव्यातील इन्क्विझिशनच्या वाड्यात होती. १८१२ साली इन्क्विझिशन रद्द झाल्यानंतर ती पणजीत आली. या मूर्तीपाशी पाहुण्यांना दोन मिनिटे शांत उभे राहू द्यावे. ज्या न्यायासनाने हिंदूंना आणि नवख्रिस्ती लोकांना सारखेच भय दाखविले, त्याची ही साक्षीदार आहे. सणाच्या दिवशी कटू आठवण कशाला, असे कोणी म्हणेल. पण इतिहास लपवून ठेवला तर शेजारधर्माची किंमतही कळत नाही.

दिवेलागणीस या गल्ल्यांतून बांबूच्या कामट्यांवर रंगीत कागद चिकटवून केलेले तारे लागतात. दिवाळीतील आकाशकंदील ज्याने हाताने केला आहे, त्याला हे काम सांगावे लागत नाही. कामट्या, खळ आणि कागद तेच. आकार तेवढा निराळा. घरोघरी व चौकांत गोठा मांडलेला असतो. संत फ्रान्सिस ऑफ असिसी यांनी १२२३ साली इटलीतील ग्रेच्चो गावी जिवंत जनावरांसह असा देखावा उभारला आणि त्यातून ही प्रथा जगभर पसरली. आपल्याकडील गोठ्याला मात्र आपल्या मातीचा वास आहे. मुले काही दिवस आधी नाचणी किंवा तत्सम धान्य पेरतात आणि त्याच्या हिरव्या अंकुरांचे शेत गोठ्याभोवती मांडतात. ज्यांच्या घरी नवरात्रात घटाभोवती धान्य पेरले जाते, त्यांनी ते शेत पाहून थबकावे, असेच ते असते.

यानंतर स्वयंपाकघर. बिबिंक हा गोव्याचा मानाचा पदार्थ. नारळाचा रस, अंड्यातील बलक, साखर, मैदा आणि तूप यांचे मिश्रण थराथराने भाजावे लागते. एक थर वरच्या निखाऱ्यांवर भाजून तयार झाल्याखेरीज दुसरा ओतता येत नाही. त्यामुळे एका बिबिंकासाठी कित्येक तास चुलीपाशी बसावे लागते. २०२३ साली या पदार्थास भौगोलिक मानांकन मिळाले. दोदोलही असाच कष्टाचा. नारळाचा रस, तांदळाचे पीठ आणि माडाचा काळा गूळ एकत्र करून हात थकेपर्यंत ढवळावे लागते. शिवाय कुलकुल, बोलिन्हा, दोस आणि नेवऱ्या. नेवरी म्हणजे घाटावरची करंजी. गोव्यात ती चवथीला हिंदूंच्या घरी होते आणि नाताळाला ख्रिश्चनांच्या घरी होते. सण दोन, पदार्थ एक आणि नावही एकच.

हे सारे पदार्थ ताटात मांडून, वर विणलेला रुमाल घालून शेजारी पाठवितात. त्या ताटाला कोंसुआद म्हणतात. पोर्तुगालमध्ये हा शब्द नाताळच्या पूर्वरात्रीच्या जेवणासाठी वापरतात. आपल्याकडे तो शेजाऱ्याला देण्याच्या ताटाला लागला. चवथीला आणि दिवाळीला हिंदूंच्या घरून ताट जाते, नाताळाला ते भरून परत येते. रिकामे ताट परत करू नये, हा दोन्हीकडचा संकेत आहे.

आता ज्यासाठी मी उभा राहिलो, ती गोष्ट सांगतो. ती माझ्या चुकीची आहे.

काही वर्षांपूर्वी अशाच एका फेरीसाठी मी माहितीपत्रक लिहिले. ‘या गल्लीतील प्रत्येक घरावर तारा आणि प्रत्येक ओसरीवर गोठा पाहावयास मिळेल, छायाचित्रे घेण्यास ही उत्तम जागा आहे,’ असे मी त्यात मोठ्या उत्साहाने नमूद केले होते. पहिल्या फेरीस मी स्वतः गेलो. तीस-पस्तीस माणसे होती; ती गल्लीत मावत नव्हती. एका घरावर तारा नव्हता आणि सज्ज्यात दिवाही नव्हता. पत्रक हातात धरलेल्या एका पाहुण्याने मोठ्याने विचारले, “या घराला काय झाले? हे लोक सण करीत नाहीत का?” दोघातिघांनी अंधाऱ्या दारावर मोबाइल रोखले.

दार उघडले आणि काळ्या पोशाखातील एक वृद्ध बाई बाहेर आल्या. त्या रागावल्या नाहीत. मला म्हणाल्या, “बाब, यंदा आमच्या घरी दुखवटा आहे. पुढच्या वर्षी ये.” त्यांचे यजमान त्याच पावसाळ्यात गेले होते. उघड्या दारातून आतले टेबल दिसत होते. त्यावर चार-पाच ताटे होती आणि प्रत्येकावर वेगळा रुमाल होता.

त्या ताटांचा अर्थ मला कोणी समजावून सांगण्याची गरज नव्हती. ज्या घरी दुःख झाले आहे, त्या घरी त्या वर्षी नाताळचे गोड करीत नाहीत. म्हणून शेजारी ते आणून देतात. आमच्या घरी वडील वारले, त्या वर्षी दिवाळीचा फराळ शेजारच्या घरांतूनच आला होता आणि त्यांत एक घर ख्रिश्चनांचे होते. हे सारे मला ठाऊक होते. तरीही पत्रकात मी त्याची एक ओळ लिहिली नव्हती, कारण त्याचे छायाचित्र निघण्यासारखे नव्हते. शहराच्या नाताळातील सर्वांत मोलाची गोष्ट मी वगळली आणि जी वस्तू दुकानात विकत मिळते, त्या ताऱ्याची मात्र जाहिरात केली.

मित्रहो, त्या दिवसापासून मी काही नियम स्वतःस घालून घेतले. ते आपणही पाळावेत, अशी माझी विनंती आहे.

एक, तुकडी लहान असावी. पंधराहून अधिक माणसे गल्लीत नेऊ नयेत. दोन, या वस्तीतील घरांत माणसे राहतात. पाहुण्यांच्या उपद्रवाने त्रासून तेथील कित्येकांना ‘छायाचित्र काढू नये’ अशा पाट्या लावाव्या लागल्या आहेत. तेव्हा घरमालकास विचारल्याखेरीज दार, खिडकी, सज्जा किंवा गोठा यांचे छायाचित्र घेऊ देऊ नये, आणि कोणाच्या ओट्यावर बसू देऊ नये. तीन, ज्या घरावर तारा नाही, त्या घरापुढून न थांबता जावे. का, ते पुढच्या चौकात हळू आवाजात सांगावे. चार, आख्यायिका ही आख्यायिका म्हणूनच सांगावी. बिबिंक एका जोगिणीने प्रथम केले, अशी कथा लोक सांगतात. ती गोड आहे, पण तिला इतिहासाचा मुलामा देऊ नये. पाच, गोड पदार्थ घ्यावयाचे तर जेथे घरची बाई स्वतः करून विकते, तेथे पाहुण्यांना न्यावे. बिबिंकाचे थर भाजावयास बसणारे हात कमी होत आहेत. त्या हातांना योग्य दाम मिळाला, तर पुढच्या पिढीतील एखादी मुलगी चुलीपाशी बसेल.

फेरीच्या शेवटी मळ्यातील मारुतीच्या देवळाच्या पायथ्याशी थांबावे. एका अंगास देऊळ, दुसऱ्या अंगास ताऱ्यांनी उजळलेली फोंतेन्हासची छपरे. येथे भाषण करू नये. कोंसुआदाच्या ताटाची गोष्ट तेवढी सांगावी. नाताळचा काळ ६ जानेवारीस तीन राजांच्या फेस्ताने पुरा होतो, हेही येथेच सांगावे. मांडवीपलीकडील रेइश मागुश येथे, तसेच कांसावली आणि चांदर येथे त्या दिवशी तीन मुले राजांचा वेष करून घोड्यावरून येतात. ज्यांना मुक्काम वाढविता येईल, त्यांनी ते अवश्य पाहावे.

शिक्षक बंधुभगिनींना एक वेगळी विनंती आहे. आपल्या शाळांतील मुलांना पणजीस आणणे शक्य नसेल, तरी ही फेरी आपल्या गावात काढता येईल. कोणत्या सणाला कोणाच्या घरून कोणाच्या घरी काय जाते, एवढेच मुलांनी आजीला विचारून वहीत लिहून आणावे. काही वह्यांत भरपूर नोंदी येतील. काही वह्यांत ‘पूर्वी जात असे, आता जात नाही’ असे वाक्य येईल. त्या वाक्यापाशी थांबावे आणि का जात नाही, ते मुलांनाच विचारावे. पुढच्या सणाला त्यांतले एखादे ताट पुन्हा निघाले, तर आपल्या फेरीचे चीज झाले.

त्या बाईंनी मला पुढच्या वर्षी येण्यास सांगितले होते. मी गेलो, पण तुकडी घेऊन गेलो नाही. घरून नेवऱ्यांचे ताट नेले होते. त्यांच्या सज्ज्यात तारा लागला होता. परतताना ताट रिकामे नव्हते.