सातपुड्याची एक दिवसाची सहल
(केंद्रस्तरीय शिक्षण परिषदेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



शालेय सहल हा विषय आपल्या परिषदेच्या कार्यक्रमपत्रिकेवर दरवर्षी असतो, आणि दरवर्षी तो बसभाडे, पालकांचे संमतिपत्र व जेवणाचे डबे एवढ्यावरच आटोपतो. शेगाव, लोणार, सिंदखेडराजा ही आपली ठरलेली स्थळे. ती पाहण्याजोगी आहेत, याविषयी वाद नाही. परंतु जिल्ह्याच्या उत्तर सीमेवर जो सातपुडा उभा आहे, त्याच्याकडे आपल्या बहुसंख्य शाळा पाठ करून बसल्या आहेत. मेहकर किंवा देऊळगावराजाकडील मुलाला अजिंठ्याची लेणी ऐकून ठाऊक असतात. पण आपल्याच जिल्ह्यात, आपल्याच जिल्हा परिषदेच्या शाळेत, त्याच्याच इयत्तेत बसणारे एखादे मूल घरी कोरकू बोलते, हे त्याच्या कानावरही आलेले नसते. जळगाव जामोद आणि संग्रामपूर या दोन तालुक्यांतील डोंगरात कोरकू, निहाल, भिलाला, बारेला या समाजांची गावे आहेत. त्या भागातील एका दिवसाच्या सहलीविषयी आज बोलावयाचे आहे.

सहलीचा पहिला पाठ डोंगर येण्यापूर्वीच सुरू होतो. घाटावरील शाळांनी निघतानाच मुलांना एक प्रश्न विचारावा : बुलढाण्याच्या पठारावर पडलेला पाऊस कोठे जातो? अजिंठ्याच्या या रांगेतच पैनगंगेचा उगम आहे. तिचे पाणी वर्धा, प्राणहिता आणि गोदावरी या मार्गाने पूर्वेच्या समुद्राला मिळते. त्याच रांगेच्या उत्तर उतारावरचे पाणी नळगंगा, विश्वगंगा, ज्ञानगंगा यांच्यातून पूर्णेत, पूर्णेतून तापीत आणि तापीतून पश्चिमेच्या समुद्रात जाते. शेजारशेजारच्या दोन शेतांचे पाणी हिंदुस्थानच्या दोन टोकांना जाते, हे नकाशावर शिकविणे निराळे आणि राजूर घाट उतरताना बसच्या खिडकीतून दाखविणे निराळे.

घाट उतरला की वऱ्हाडाचा तो सपाट, काळ्या मातीचा पट्टा लागतो, ज्याला जुन्या कागदपत्रांत पयनघाट म्हणत. नांदुऱ्याहून जळगाव जामोदकडे जाताना येरळीजवळ पूर्णा ओलांडावी लागते. तेथे पाच मिनिटे थांबावे. दक्षिणेला आपण सोडून आलेला अजिंठ्याचा डोंगर, उत्तरेला सातपुडा, आणि मधले हे खोरे नद्यांनी आणलेल्या गाळाने शेकडो फूट भरलेले. या गाळातील भूजल पुष्कळ ठिकाणी खारे आहे. म्हणूनच याला खारपाण पट्टा हे नाव. या पट्ट्यातील एखाद्या विहिरीच्या पाण्याने मुलांना चूळ भरून पाहू द्यावी, आणि पुढे डोंगराच्या पायथ्याशी गेल्यावर तेथल्या विहिरीचे पाणी प्यायला द्यावे. फरक जिभेलाच कळतो, समजावून सांगावा लागत नाही. सातपुड्यातून वेगाने उतरणारे ओढे पायथ्याशी दगडगोटे व जाड वाळू टाकीत आले आहेत. त्या थरातून पाणी झिरपते आणि गोड राहते. पायथ्याच्या संत्र्याच्या बागा या गोड्या पाण्यावर उभ्या आहेत. तेथून काही कोसांवरील खारपाण गावांत मूत्रपिंडाच्या विकाराने कितीतरी घरे पोळली आहेत. वरच्या वर्गातील मुलांपासून ही गोष्ट लपवू नये. डोंगराचा आणि आपल्या माठातील पाण्याचा संबंध काय, हे त्यांना त्यातूनच उमजेल.

सृष्टिसौंदर्याचे वर्णन मी लांबविणार नाही. ते ज्याने त्याने डोळ्यांनी घ्यावे. काळ्या पाषाणाच्या एकावर एक बसलेल्या पायऱ्या, त्यांवर साग, धावडा, मोह, तेंदू, पळस, आणि उघड्या खडकाळ उतारावर फिकट सालीची सालई. पूर्वेकडील भागात १९९७ साली अंबाबरवा अभयारण्य घोषित झाले. त्याचे क्षेत्र सुमारे १२७ चौरस किलोमीटर असून ते मेळघाट व्याघ्र प्रकल्पाशी जोडलेले आहे. तेथे वन विभागाच्या परवानगीवाचून पाऊल टाकता येत नाही, आणि मुलांना घेऊन तर टाकूच नये. वाघ दिसेल असे आमिष मुलांना दाखवू नये, ही माझी आग्रहाची विनंती आहे. वाघ दिसत नाही; आणि मग दिवसभर पाहिलेले बाकी सारे मुलांच्या लेखी फुकट जाते.

आता गावांविषयी, आणि येथेच मला अधिक वेळ थांबावयाचे आहे.

एका सहलीत मी पाहिलेला प्रसंग सांगतो. शाळेचे वा गावाचे नाव घेण्याचे कारण नाही. डोंगरातील एका वस्तीत बस थांबली. शिक्षकांनी साठ मुलांना एका घरासमोर रांगेने उभे केले आणि खड्या आवाजात सांगितले, “हे पाहा आदिवासी.” ओसरीवर धान्य पाखडीत बसलेल्या आजीबाईंनी सूप खाली ठेवले, त्या आत गेल्या आणि दार लागले. दुसऱ्या दिवशी मुलांच्या वह्यांत निबंध उतरला. त्यात एक वाक्य बहुतेक सर्वांचे सारखे होते : आदिवासी लोक लाजाळू असतात.

मुलांनी खोटे लिहिले असे नाही; त्यांना जे दाखविले गेले तेच त्यांनी लिहिले. आपल्या ओसरीसमोर कोणी साठ माणसे उभी करून “हे पाहा मास्तर” असे म्हटले, तर आपणही दार लावून घेऊ. म्हणून माझी पहिली सूचना अशी की, सहल वस्तीकडे न नेता शाळेकडे न्यावी. डोंगरातील गावांतही आपल्याच जिल्हा परिषदेच्या शाळा आहेत, तेथे आपलेच शिक्षकबंधू आहेत. त्यांना महिनाभर आधी पत्र जावे. त्यांनी गावातील वडीलधाऱ्यांना विचारावे. मुले त्या शाळेची पाहुणी म्हणून जातील आणि गाव दाखविण्याचे काम त्या शाळेतील मुलेच करतील. एका डोंगरातल्या मुलामागे चार-पाच पाहुणी मुले, अशा टोळ्या कराव्यात. साठांचा घोळका कोठेही नेऊ नये. रानवाट दाखविण्यासाठी गावातील जाणता मनुष्य बरोबर घेतला, तर त्याचा दिवसाचा रोज त्याला रोख द्यावा. त्याचा दिवस बुडतो. शाल-श्रीफळावर त्याची बोळवण करणे बरे नव्हे.

टोळीबरोबर हिंडताना मुलांना एक काम देता येते : गावाचा नकाशा काढणे. कोरकूंच्या जुन्या वळणाच्या गावात घरे एकमेकांसमोर दोन सरळ ओळींत असतात आणि मध्ये रुंद रस्ता असतो. भिलाला-बारेला यांच्या वस्त्यांत बहुधा ज्याचे घर त्याच्या शेतात, म्हणून घरे दूर दूर विखुरलेली. दोन्ही नकाशे शेजारी ठेवले म्हणजे ‘आदिवासी’ या एका शब्दाखाली किती भिन्न माणसे आपण कोंबतो, हे चौथीतील मुलालाही दिसते. कोरकू गावाच्या कडेला सागवानी लाकडाचे कोरीव स्मृतिस्तंभ दिसले, ज्यांवर सूर्य, चंद्र, घोडेस्वार कोरलेले असतात, तर त्यांना हात लावू नये. त्यांना मुंडा म्हणतात; ते गेलेल्या माणसांचे असतात.

याहूनही महत्त्वाची गोष्ट ऐकण्याची आहे, आणि ती आपल्यापैकी पुष्कळांना ठाऊक नसावी. कोरकू ही मराठीची बोली नव्हे. ती मुंडा कुळातील भाषा आहे. तिच्या बहिणी, संथाळी आणि मुंडारी, झारखंड-ओरिसाकडे आहेत. संथाळीत पाण्याला ‘दाक्’ म्हणतात, कोरकूत ‘डा’. डोळ्याला संथाळीत ‘मेत्’, कोरकूत ‘मेद’. सातपुडा आणि छोटा नागपूर यांच्यामध्ये शेकडो मैलांचे अंतर आहे. तरीही डोळा आणि पाणी यांचे शब्द सारखे राहिले आहेत. मेळघाटातील सिपना नदीचे नाव आपण सहज घेतो. कोरकूत सिपना म्हणजे साग. आणि ‘कोरकू’ या शब्दाचा अर्थ काय? ‘कोर’ म्हणजे माणूस, ‘कू’ हा अनेकवचनाचा प्रत्यय. कोरकू म्हणजे माणसे. बस, एवढाच अर्थ.

निहालांची भाषा याहून विलक्षण आहे. निहालीत डोळ्याला ‘जिकी’ म्हणतात, पाण्याला ‘जोप्पो’, विस्तवाला ‘आपो’. हे शब्द ना मराठीचे, ना कोरकूचे, ना तेलुगू-कानडीचे. निहालीने कोरकूतून भरपूर शब्द घेतले आहेत, मराठी-हिंदीतून घेतले आहेत. ‘इरार’ म्हणजे दोन आणि ‘नालो’ म्हणजे चार हे आकडे तर तमिळच्या ‘इरंडु’, ‘नालु’ यांची आठवण देतात. परंतु उसने सारे बाजूला काढल्यावर शब्दांचा जो गाभा उरतो, सुमारे पाव हिस्सा, त्याचे नाते जगातील कोणत्याही भाषेशी निर्विवाद जुळलेले नाही. अशा एकाकी भाषा पृथ्वीवर मोजक्या आहेत. युरोपात स्पेन-फ्रान्सच्या सीमेवरील बास्क ही तशी एक; तिच्यावर ग्रंथालये भरली आहेत. निहाली आपल्या जामोद परिसरातील काही गावांत आणि पलीकडे निमाडात बोलली जाते; बोलणाऱ्यांची संख्या अभ्यासक दोन-अडीच हजारांच्या घरात मानतात. सुधिभूषण भट्टाचार्य यांनी तिच्या नोंदी १९५७ साली प्रसिद्ध केल्या. डच पंडित कायपर यांचे तिच्यावरील पुस्तक १९६२ साली ॲमस्टरडॅम येथे निघाले. म्हणजे ज्या वर्षी महाराष्ट्रात जिल्हा परिषदा स्थापन झाल्या त्याच वर्षी. अलीकडे पुण्याच्या डेक्कन कॉलेजातील शैलेंद्र मोहन यांनी तिचा अभ्यास केला. ॲमस्टरडॅमला जी गोष्ट साठ वर्षांपूर्वी कळली, ती मोताळ्याच्या शाळेत अजून पोहोचावयाची आहे!

शासकीय यादीत निहाल ही जमात कोरकूंच्या नोंदीतच समाविष्ट आहे, आणि दहा हजारांहून कमी लोक बोलतात अशा भाषांची नावे जनगणनेच्या छापील कोष्टकांत येत नाहीत. त्यामुळे कागदावर निहाली शोधू गेल्यास ती सापडत नाही. ती सापडते ती एखाद्या मुलाच्या तोंडी, तेही घरी. शाळेत ते मूल गप्प असते. आपण हजेरीपटाशेजारी शेरा लिहितो : ‘मराठी कच्चे’. वस्तुतः ते मूल घरी निहाली, शेजाऱ्यांशी कोरकू आणि बाजारात मराठी-हिंदी बोलत असते. सहा-सात वर्षांच्या वयात ते तीन-चार भाषा वागविते, आणि एकच भाषा जाणणारे आपण त्याला मुके ठरवितो. पुढे हेच मूल मोठे होते आणि आपल्या लेकरांशी निहाली बोलत नाही. कारण शाळेत तिचा उपयोग झाला नाही, झाले ते हसे. भाषा मरते ती अशी, एकेका घरात, कोणाच्या ध्यानीमनी नसताना. संविधानाच्या अनुच्छेद ३५०-अ मध्ये १९५६ पासून प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून देण्याच्या सोयीविषयी राज्यांना सांगितलेले आहे. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्यातही शक्य तेथवर मातृभाषा असा उल्लेख आहे. निहालीत पाठ्यपुस्तक उद्या निघेल असे मी म्हणत नाही. परंतु वर्गात एखादा शब्द विचारण्यास कोणत्याही शासननिर्णयाची गरज नाही.

सहलीत हे साधे काम करता येते. वहीच्या पानावर चार रकाने आखावेत : मराठी, कोरकू, निहाली, भिलाली. पाणी, डोळा, विस्तव, आई, झाड, असे दहा शब्द. पाहुण्या मुलाने विचारावे, डोंगरातल्या मुलाने सांगावे, आणि उच्चार बरोबर होईपर्यंत पाहुण्याने तो पुन्हा पुन्हा म्हणावा. या वेळी चुकणारे मूल शहरातले असते आणि सुधारणारे डोंगरातले, ही अदलाबदल मुलांना फार आवडते. पहिल्या प्रयत्नात निहाल मुले बहुधा बोलणार नाहीत. “आम्हाला येत नाही” असेच म्हणतील. आग्रह करू नये. गावातील एखाद्या वडीलधाऱ्या माणसाला शाळेत बोलावून प्रथम त्यांना विचारले, तर मुले हळूहळू पुढे येतात. शब्दांच्या यादीची एक प्रत त्या शाळेतच ठेवून यावी; ती त्यांची वस्तू आहे. छायाचित्रे विचारूनच घ्यावीत, आणि घराच्या आतली मुळीच घेऊ नयेत. जुने कपडे, बिस्किटांचे पुडे वाटण्याची चाल बंद करावी. भेट न्यावयाची तर शाळेला एखादा चांगला नकाशा किंवा चार पुस्तके न्यावीत, आणि बदल्यात त्यांनी दिलेली मोहाची फुले वा चारोळी आनंदाने घ्यावी.

उलटी भेट ठरविल्याशिवाय सहलीला निघू नये, असे माझे मत आहे. डोंगरातल्या मुलांनीही लोणारचे सरोवर पाहावे, आणि ते दाखविणारी मुले घाटावरची असावीत. त्या बसभाड्याची वर्गणी पहिल्या सहलीच्या वर्गणीबरोबरच गोळा केली, तर पालक कुरकुर करीत नाहीत; नंतर मागितल्यास ती कधीच जमत नाही.

काळ म्हणाल तर कार्तिक-मार्गशीर्ष उत्तम. ओढ्यांना पाणी असते पण ते उतारजोगे असते, आणि रान अजून हिरवे असते. चैत्रात मोह फुलतो तेव्हाही डोंगर सुंदर दिसतो, परंतु त्या दिवसांत पहाटेपासून सारे गाव फुले वेचावयास रानात गेलेले असते. तेव्हा पाहुणचाराचा भार त्यांच्यावर घालू नये. घाटावरील शाळांनी जळगाव जामोद येथे आदल्या रात्री मुक्काम करावा, सकाळी लवकर डोंगर चढावा आणि ऊन कलण्यापूर्वी खाली उतरावे. हिवाळ्यात दऱ्यांत अंधार लवकर दाटतो, आणि वरच्या गावांत फोनची खात्री नसते. वन विभागाकडे द्यावयाचा अर्ज व डोंगरातील शाळांना लिहावयाच्या पत्राचा नमुना केंद्रप्रमुखांकडे ठेवला आहे. ज्यांना हवा असेल त्यांनी सभेनंतर घेऊन जावा.