हौद, नळ आणि शेजार



नगररचनेचा विषय निघाला की चर्चा रस्त्यांच्या रुंदीची आणि चटईक्षेत्राची होते. शहराचा स्वभाव घडवणारे तंत्र मात्र पुष्कळदा जमिनीखाली असते, आणि म्हणूनच त्याचे चिंतन कोणी करीत नाही. पुण्याच्या पाण्याची कथा या दृष्टीने पाहण्याजोगी आहे.

अठराव्या शतकाच्या मध्यास नानासाहेब पेशव्यांनी कात्रजला तलाव बांधून तेथील पाणी भूमिगत दगडी नळाने शहरात आणले. पंप नाही, इंधन नाही. सारी भिस्त जमिनीच्या उतारावर. वाटेत ठिकठिकाणी बांधलेल्या उच्छ्वासांतून हवेला वाट मिळे. हे पाणी शनिवारवाड्यात आणि पेठांमधल्या हौदांत पडे. पाण्याने चौकापर्यंत यायचे आणि तेथवर माणसाने जायचे, असा या योजनेचा हिशेब होता. त्यामुळे हौद हे पेठेचे वार्तालयही झाले. कोणाकडे पाहुणा आला, कोणाचे मूल तापाने फणफणले, हे कळशी भरता भरता कळे. काळा हौद, फडके हौद ही नावे आजही पुणेकरांच्या तोंडी आहेत.

या चित्राने हळवे होण्याचे मात्र कारण नाही. रोज कळशा वाहणाऱ्या स्त्रियांच्या श्रमांची नोंद कोणत्याच नकाशात नाही. शिवाय सार्वजनिक म्हटले जाणारे पाणी सर्वांचे नव्हते. १८६८ साली महात्मा जोतीराव फुले यांनी आपल्या घरचा हौद अस्पृश्य मानल्या गेलेल्या बांधवांसाठी खुला केला. हौदाचा एकही चिरा हलला नाही, पण त्याचा अर्थ पालटला. महाडला नेमके उलटे घडले. सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले करण्याचा ठराव मुंबई कायदेमंडळाने १९२३ साली केला, नगरपालिकेने १९२४ साली तो मान्य केला. तरीही २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना चवदार तळ्यावर सत्याग्रह करावा लागला. ठराव कागदावर होता, तळे जागच्या जागी होते आणि समाजही जागचा हलला नव्हता. साधन आणि नियम दोन्ही असून माणूस बाहेरच राहतो, तेव्हा उणीव अभियांत्रिकीत शोधून सापडत नाही.

पुढे खडकवासल्याचे धरण १८७९ मध्ये पूर्ण झाले आणि हळूहळू नळ घरात आला. नळाची निंदा करणे कृतघ्नपणाचे ठरेल. त्याने स्त्रीच्या डोक्यावरचे ओझे उतरवले, रोगराईला आळा घातला. पण पाणवठ्यावर कोणी यावे हा जुना वाद त्याने मिटवला असे म्हणता येत नाही. तो वाद भिंतीआड गेला, इतकेच. शेजाऱ्याला टाळणेही आता सोपे झाले. त्यातच पाणी कोठून येते याचे विस्मरण जडले. १२ जुलै १९६१ रोजी पानशेत फुटले, खडकवासल्याचा बांध वाहून गेला, शहराचे नळ कोरडे पडले. तेव्हा लोकांना जुन्या विहिरी आणि हौद पुन्हा आठवले.

आज तर नळाचीही खात्री नाही. महापालिकेच्या हद्दीत २०१७ साली ११ आणि २०२१ साली २३ गावे आली. तिथल्या उंच इमारतींच्या दारात टँकर उभे राहतात. टँकर हेही एक तंत्रच आहे. ज्याची ऐपत, त्याचे पाणी, हे त्याचे तत्त्वज्ञान. फक्त ते कोणी लिहून ठेवलेले नाही. ‘स्मार्ट सिटी’ अभियान २०१५ साली सुरू झाले. संवेदक यंत्रे वाहिनीतला दाब अचूक सांगतील, गळतीही दाखवतील. वस्तीतल्या कोणाच्या वाट्याला किती पाणी यावे, हे त्यांना विचारून उपयोग नाही.

जानेवारी २०२५ मध्ये सिंहगड रस्ता आणि नांदेड गाव परिसरात गियाँ-बारे सिंड्रोमचे रुग्ण वाढले आणि संशयाची सुई दूषित पाण्याकडे वळली. आपल्या टाकीत पडणारे पाणी कोणत्या विहिरीचे, हा प्रश्न तेव्हा अनेक घरांनी प्रथमच विचारला. तो प्रत्येक गृहसंकुलाने वर्षभर विचारायला हवा. पाण्याचा स्रोत कोणता आणि शेवटची तपासणी कधी झाली, या दोन ओळी सूचनाफलकावर लिहायला कोणत्याही आराखड्याची मंजुरी लागत नाही. त्या पाण्यावर अवलंबून असलेल्या शेजारच्या वस्तीलाही ही माहिती त्याच दिवशी कळवावी.