धान निघाल्यानंतरचा हंगाम



दीक्षान्त समारंभाच्या पाहुण्याने देशाच्या विकासदरावर किंवा नव्या तंत्रज्ञानावर बोलावे, अशी रीत आहे. मी मात्र आपल्या दाराशी असलेल्या एका उद्योगाबद्दल बोलणार आहे. गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा आणि गोंदिया या चार जिल्ह्यांत दिवाळीपासून होळीपर्यंत गावोगावी रात्रभर नाटके होतात. त्यांना आपण झाडीपट्टी रंगभूमी म्हणतो, तिचा अभिमान बाळगतो, आणि बहुतेक वेळा लोककलेच्या प्रकरणात तिची नोंद करून पुढे जातो. माझे म्हणणे असे की ती जितकी कला आहे तितकाच तो या प्रदेशाचा स्वतःचा, अनुदानाशिवाय उभा राहिलेला उद्योग आहे. त्याची किंमत एकूण उलाढालीच्या आकड्यात सापडणार नाही. पैसा कोणत्या महिन्यात आणि कोणाच्या हाती येतो, आणि तो उभा करताना गाव काय शिकते, हे पाहिले तरच ती कळेल.

आधी हा व्यवहार चालतो कसा ते पाहू. गावातले एक मंडळ वडशाला, म्हणजे देसाईगंजला जाते. गोंदिया-बल्लारशा रेल्वेमार्गावरच्या या गावात नाट्यकंपन्यांची कार्यालये आहेत. बाहेर नव्या नाटकांची पोस्टर्स लागलेली असतात. तारीख ठरते, इसार दिला जातो. मग गावात काम सुरू होते. धान कापून रिकाम्या झालेल्या बांधीत जमीन अशी खोदतात की प्रेक्षकांची जागा रंगमंचाकडे उतरत जाते, आणि निघालेल्या मातीचा उपयोग तिथेच होतो. पुढच्याची पाठ मागच्याच्या डोळ्यांआड येऊ नये म्हणून कोण्या वास्तुविशारदाला बोलावावे लागत नाही. फावडे चालवणाऱ्यांना उताराचे माप ठाऊक असते. बिछायत केंद्रातून कनाती आणि खुर्च्या येतात, साउंड सर्व्हिसवाला येतो, जनरेटर येतो. रंगमंचाजवळ ऑर्गन आणि तबला मांडला जातो, आणि आडोशाला संहिता घेऊन प्रॉम्प्टर बसतो. कलावंत आज एका नाटकात, उद्या दुसऱ्या गावात दुसऱ्या भूमिकेत असतो. तालमीला वेळ नसतो, म्हणून सगळा प्रयोग त्या प्रॉम्प्टरच्या नजरेवर तोललेला असतो. बाहेर आलूबोंडे, चहा, खेळणी, बांगड्यांची दुकाने लागतात. पहाटे नाटक संपते, आणि दुपारपर्यंत तोच संच दुसऱ्या गावाच्या रस्त्याला लागलेला असतो.

आता या हंगामाची वेळ पाहा. पूर्व विदर्भ हा एकपिकी धानाचा प्रदेश. पावसाळ्यात रोवणी, दिवाळीच्या आगेमागे कापणी, मग मळणी. त्यानंतर सिंचन नसलेल्या बहुसंख्य शेतांत फार तर लाखोळी किंवा हरभरा असतो, आणि मजुराला शेतात काम उरत नाही. मोहफुले वेचायला फाल्गुन-चैत्र उजाडावा लागतो, तेंदूपत्ता तर मे महिन्यात. या मधल्या पोकळीत हजारो कुटुंबे मिरची तोडायला तेलंगणात जातात. मुलांच्या शाळा सुटतात, म्हातारी माणसे मागे राहतात. नाटकांचा हंगाम नेमका याच पोकळीत येतो. या महिन्यांत मिळणारा रोजगाराचा एक रुपया रोवणीच्या दिवसांतल्या एका रुपयापेक्षा मोलाचा असतो, कारण रोवणीत मजूर शोधावा लागतो आणि पौषात मजुरी शोधावी लागते. स्थलांतर नाटकांनी थांबते असा दावा मी करणार नाही. तेवढे बळ त्यांच्यात नाही. पण ज्या वादकाला, रंगभूषाकाराला, बिछायतवाल्याकडच्या पोराला या चार महिन्यांत गावाजवळ काम मिळते, त्याला जाणे टाळता येते.

एक ढोबळ हिशेब करू. हे आकडे केवळ समजुतीसाठी धरलेले आहेत. एका प्रयोगासाठी मंडळाने कंपनीला ६०,००० रुपये दिले, आणि मंडप, ध्वनी, वीज, जाहिरात यांवर आणखी ३०,००० खर्च केले. तिकीटविक्रीतून १,१०,००० जमले. मंडळाकडे २०,००० उरले, आणि गावकरी म्हणतात तसे नाटक ‘निघाले’. पण अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने इथे थांबू नये. कंपनीला दिलेल्या ६०,००० मधले किती नागपूर-पुण्याहून आणलेल्या कलावंताकडे गेले आणि किती याच चार जिल्ह्यांतल्या नटांना, वादकांना, वाहनचालकांना मिळाले? ३०,००० मधले किती तालुक्यातच फिरले? आणि मंडपाबाहेरच्या छोट्या दुकानांची रात्रीची विक्री तर या वहीत कुठेच नाही. उलट बाजूही आहे: पाऊस आला, किंवा शेजारच्या गावात त्याच रात्री दुसरे नाटक लागले, तर हेच मंडळ ३०,००० रुपयांनी बुडते, आणि ती भरपाई पाच-सात तरुणांच्या घरांतून होते.

यावर एक रास्त आक्षेप घेतला जातो. हा सगळा पैसा या प्रदेशातल्याच माणसांचा, तेव्हा एका खिशातून काढून दुसऱ्या खिशात घालण्याने संपत्ती कशी वाढेल? उत्सव आणि महोत्सवांच्या आर्थिक परिणामांचे अनेक अहवाल याच चुकीने फुगलेले असतात. स्थानिक माणसाने केलेला प्रत्येक खर्च ते नवे उत्पन्न म्हणून धरतात. ते नाटक नसते तर तोच माणूस तो पैसा दुसरीकडे खर्च करणारच होता, हे विसरतात. हा आक्षेप मला मान्य आहे, आणि म्हणूनच मी कोटींच्या आकड्यांवर विसंबत नाही. पण प्रश्न पुढे न्यायला हवा: दुसरीकडे म्हणजे कुठे? धानाचे चुकारे हाती आल्यावर करमणुकीचा पैसा मोबाइलच्या रिचार्जमध्ये किंवा शहरातल्या चित्रपटगृहात गेला, तर तो त्याच दिवशी प्रदेशाबाहेर जातो. नाटकाच्या तिकिटात गेला, तर त्याचा बराच भाग इथल्याच माणसाच्या मजुरीत उतरतो. नवी संपत्ती निर्माण झाली नसेल, पण गळती कमी झाली. ज्या प्रदेशातले लोहखनिज, लाकूड आणि धानसुद्धा बाहेर जाऊन मूल्य मिळवते, त्या प्रदेशासाठी ही गोष्ट लहान नाही.

मग हे आपल्या नोंदींत का दिसत नाही? कारण मोजण्याच्या पद्धतीत या उद्योगाची माणसे निसटतात. देशाच्या नियतकालिक श्रमबल सर्वेक्षणात वर्षाचा मोठा काळ ज्या कामात गेला ते माणसाचे मुख्य काम धरले जाते. किमान ३० दिवस केलेले दुसरे काम दुय्यम म्हणून नोंदले जाते. आठ महिने शेती आणि चार महिने नाटक करणारा नट त्यामुळे शेतकरी किंवा शेतमजूर ठरतो. त्याचे कलावंत असणे दुय्यम रकान्यात जाते. दुसरीकडे, नाट्यप्रयोगाचे तिकीट ५०० रुपयांपर्यंत असेल तर त्यावर वस्तू व सेवा कर लागत नाही. ही सवलत योग्यच आहे, पण तिच्यामुळे करनोंदीतही या तिकिटांचा माग राहत नाही. २०२३ साली गडचिरोली जिल्ह्यातले ज्येष्ठ झाडीपट्टी कलावंत परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा सगळ्या महाराष्ट्राने या रंगभूमीकडे कौतुकाने पाहिले. कौतुक झाले, मोजणी राहिली.

आता सामाजिक बाजू. दिवाळीनंतर गावोगावच्या मंडया, म्हणजे जत्रा, सुरू होतात, त्या वेगवेगळ्या दिवशी, म्हणजे एका गावच्या माणसाला दुसऱ्या गावी जाता येते. सासरी गेलेल्या लेकी माहेरी येतात, पाहुण्यांनी घर भरते, सोयरिकीची बोलणी होतात, आणि रात्री सगळे मिळून नाटकाला जातात. या भेटीगाठींना पैशांत मोजता येत नाही, आणि मोजण्याचा हट्टही धरू नये. पण एक गोष्ट मोजता येण्यासारखी आहे, ती म्हणजे गावाची जुळवाजुळवीची क्षमता. नाटक घेणाऱ्या मंडळाला वर्गणी गोळा करावी लागते, करार करावा लागतो, पोलीस ठाण्यातून परवानगी आणावी लागते, हजार-दोन हजार माणसे एका रात्री सुरक्षित बसवावी लागतात, आणि सकाळी चारचौघांत हिशेब मांडावा लागतो. उरलेला पैसा अनेक ठिकाणी मंदिराला, शाळेला, वाचनालयाला दिला जातो. व्यवस्थापनाच्या पदवीत जे दोन वर्षांत शिकवले जाते, त्याचा बराचसा भाग गावातला तरुण इथे तोट्याची जोखीम घेऊन शिकतो. नाशिकचा सिंहस्थ बारा वर्षांनी येतो, आणि शासनाची सगळी यंत्रणा त्याच्यामागे उभी राहते, तशी राहायलाही हवी. झाडीपट्टीत मात्र दरवर्षी शेकडो गावे ही तयारी स्वतः करतात, आणि त्या अनुभवाची नोंद कुठल्याही दफ्तरात होत नाही.

दुसरा आक्षेप दर्जाबद्दलचा आहे, आणि तो या रंगभूमीवर जीव असणारी माणसेच घेतात. गर्दी खेचण्यासाठी द्व्यर्थी संवाद वाढले, कथेशी संबंध नसलेले नाच घुसले, दंडार आणि खडी गंमत या लोकनाट्यप्रकारांचा वारसा मागे पडला. यातले बरेचसे खरे आहे. तरीही व्यवसाय झाला म्हणून कला बिघडली, असे सरळ समीकरण मला पटत नाही. दारू, अंधश्रद्धा, सावकारी, हुंडा हे विषय घेऊन याच रंगमंचावर नाटके चालली आहेत, आणि तिकीट काढून आलेल्या बायाबापड्यांनी ती पहाटेपर्यंत बसून पाहिली आहेत. प्रेक्षकाला कमी लेखणारा निर्माता दर्जा घसरवतो, तिकीट नव्हे. मला यापेक्षा मोठी चिंता वाटते ती स्त्री कलावंतांची. रात्रभर प्रयोग, मग पहाटेचा प्रवास, कपडे बदलायला कनातीचा आडोसा, स्वच्छतागृहाची सोय नाही, आणि आजारी पडले तर त्या रात्रीचे मानधन बुडाले. ज्या उद्योगाचे आर्थिक मोल आपण अभिमानाने सांगतो, त्याने आपल्या कामगाराला हे किमान द्यायलाच हवे. जे मंडळ खुर्च्यांच्या रांगा आखते, त्याला दोन बंदिस्त खोल्यांची सोय करणे अवघड नाही.

या उद्योगाचे खरे वजन समजायला गेल्या काही वर्षांत दोन प्रसंग आले. ७ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बैलांच्या शर्यतींवर बंदी घातली आणि शंकरपट, म्हणजे इथल्या बैलशर्यती, थांबले. डिसेंबर २०२१ मध्ये महाराष्ट्रात शर्यतींना पुन्हा वाट मिळाली, आणि मे २०२३ मध्ये घटनापीठाने शर्यतींना परवानगी देणारा राज्याचा कायदा वैध ठरवला. बैलांच्या वेदनेचा प्रश्न न्यायालयाने उचलला तो योग्यच होता. बाजाराच्या उलाढालीने त्याचे उत्तर होत नाही. पण दिवसा पट आणि रात्री नाटक अशी अनेक गावांची जोडी होती. पट असलेली आणि पट नसलेली गावे, बंदीच्या आधी आणि नंतर, अशी चौरस तुलना संख्याशास्त्राच्या कोणत्याही विद्यार्थ्याला करता येईल. दुसरा प्रसंग टाळेबंदीचा. मार्च २०२० मध्ये ती लागू झाली आणि पुढचा हंगाम निर्बंधांत गेला. घरात भविष्य निर्वाह निधी नाही, विमा नाही, कामाचा लेखी पुरावा नाही, अशा कलावंतांना मदत द्यायची तर यादी कुठून आणणार, हा प्रश्न तेव्हा उभा राहिला. तो आजही तसाच आहे.

शासनाने अनुदान द्यावे, ही मागणी वारंवार होते. वृद्ध कलावंतांचे मानधन वाढावे, याबद्दल दुमत नसावे. प्रयोगांना सरसकट अनुदान मात्र मला धोक्याचे वाटते, कारण आज गावाला आवडेल तेच नाटक टिकते, उद्या अर्ज नीट भरणाऱ्याचे टिकेल. पैशापेक्षा कागदाची गरज मोठी आहे: कंपनी आणि कलावंत यांच्यात एक पानाचा करार, हंगामभराची हजेरी आणि मानधनाची नोंदवही, प्रवासाचा अपघात विमा, अवकाळी पावसाविरुद्ध मंडळांचा सामायिक निधी. यातले काहीही अवघड नाही, फार खर्चिकही नाही. हे करायला शिकलेली माणसे लागतात, आणि ती माणसे आज या सभागृहात बसली आहेत.

म्हणून माझी आपणास विनंती आहे. वाणिज्य शाखेच्या पदवीधरांनी आपल्या गावच्या मंडळाचा यंदाचा जमाखर्च लिहून द्यावा आणि तो ग्रामसभेत वाचावा. विधी शाखेच्या स्नातकांनी झाडीबोलीत समजेल असा कराराचा साधा नमुना तयार करावा. समाजशास्त्र, अर्थशास्त्र आणि संख्याशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी एका तालुक्यातल्या सगळ्या प्रयोगांची, कलावंतांची आणि दुकानांची एका हंगामाची मोजणी करावी. पुढच्या तुकडीने दुसरा तालुका घ्यावा. विद्यापीठाने या कामाला प्रबंधाचा दर्जा द्यावा, अशी विनंती मी कुलगुरूंनाही करतो. धानकापणी आटोपली की मंडळे पुन्हा वडशाला तारखा घ्यायला जातील. या वेळी त्यांच्याबरोबर तुमच्यापैकी कोणीतरी वही घेऊन जावे.