हजेरीतलं नाव

(स्नेहमेळाव्यातील भाषण)



संयोजकांनी मला 'संगणक क्षेत्रातील संधी' असा विषय दिला होता. आपल्यातल्या निम्म्या लोकांची मुलं आता त्याच क्षेत्रात आहेत आणि त्यांना माझ्यापेक्षा जास्त माहिती आहे. म्हणून रीतसर परवानगी काढून मी विषय बदलला. मी नावांबद्दल बोलणार आहे. मुलींच्या नावांबद्दल, आणि त्यात थोडं माझ्याही नावाबद्दल.

सोलापूरच्या शाळेतली हजेरी बाहेरगावच्या माणसाला एकदा ऐकवली पाहिजे. नीलम्मा, महादेवी, गौरव्वा या कन्नड बोलणाऱ्या घरांतल्या. पूर्व भागातल्या पद्मा आणि राजेश्वरी घरी तेलुगू बोलायच्या, वर्गात मराठी आणि मैदानावर आपलं ते 'काय बे, चल बे'. मग शबाना, नसीम, आणि त्यांच्या मागोमाग वंदना, सुनीता, मनीषा. बाई चार भाषांतली नावं एका दमात घ्यायच्या आणि कोणाला त्यात नवल वाटायचं नाही. पुण्यात कॉलेजला गेल्यावर मला कळलं की सगळीकडे असं नसतं.

आपल्या चार हुतात्म्यांचीच नावं बघा ना. मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे. १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात चौघांना एकाच दिवशी फाशी झाली. शाळेत आपण ही नावं पाठ केली, पण मला त्यांची गंमत खूप उशिरा लक्षात आली. चार नावांत अख्खं सोलापूर बसलंय.

म्हणजे नाव ऐकलं की घर कळतं. घराची भाषा कळते, बऱ्याचदा गल्लीसुद्धा कळते. आणि आपण सगळे मोठे झालोय, तेव्हा स्पष्टच बोलूया: जातही कळते.

नाव कसं ठेवावं याचे नियम आपल्याकडे फार जुने आहेत. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात ते सविस्तर दिलेत. ब्राह्मणाचं नाव मंगल असावं, क्षत्रियाचं बळ दाखवणारं, वैश्याचं धनाचं, आणि शूद्राचं तुच्छता दाखवणारं. मुलींसाठी वेगळा नियम आहे. नाव उच्चारायला सोपं असावं, ऐकायला गोड असावं, अर्थ स्पष्ट असावा, भीतीदायक काही नको आणि शेवटी दीर्घ स्वर हवा. हा शेवटचा नियम वाचल्यावर माझ्यातली इंजिनिअर गप्प बसेना. आपल्या वर्गाची यादी संगणकात होतीच. मुलींची नावं शेवटच्या अक्षराप्रमाणे लावून पाहिली. एक किरण आणि एक काजल सोडली तर सगळ्याजणी आ-कारान्त नाहीतर ई-कारान्त! ज्यांच्या घरात कोणी मनुस्मृती पाहिलेलीही नाही, त्यासुद्धा.

आता दगडू, धोंडू, केरू ही नावं. ती सगळ्याच जातींत असत. मूल जगत नसे, म्हणून सटवीची नजर चुकवायला वाईट नाव ठेवायचं. महर्षी कर्व्यांचं नाव धोंडो होतं हे आपण विसरतो. पण एक फरक आहे. धोंडोपंतांना गावानं 'पंत' जोडून हाक मारली. माझ्या आजोबांचं नाव दगडू होतं, आणि म्हातारपणापर्यंत गावात त्यांना पोरंटोरंसुद्धा 'दगड्या' म्हणत. 'दगडूराव' मी कधी ऐकलं नाही.

आजोबा इथं गिरणीत होते. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूरला दीक्षा झाली, तेव्हा ते तरुण होते. त्यानंतर आमच्या वस्तीत जी बाळं जन्मली, त्यांची नावं एका पिढीत बदलली. यशोधरा, सुजाता, गौतमी, आम्रपाली, प्रज्ञा, करुणा, विशाखा. बारशाला पाळण्याच्या गाण्यांच्या जागी त्रिशरण-पंचशील आलं. आजोबांनी स्वतःचं नाव बदललं नाही. 'माझं आता कोण बदलून हाक मारणार?' असं म्हणायचे. पण मुलांची आणि नातवंडांची नावं त्यांनी एकेक निवडून ठेवली, कोणाला विचारलंही नाही. माझ्या आत्याचं नाव सुजाता. तपाच्या अखेरीला सिद्धार्थाला खीर देणारी ती सुजाता, हे तर आहेच. पण शब्दाचा साधा अर्थ काय? उत्तम जन्माची, चांगल्या कुळातली. जिच्या आईबापांना जन्मावरून पाणवठ्यावर उभं केलं नाही, तिचं नाव 'चांगल्या जन्माची'. अर्ज नाही, मोर्चा नाही, आजोबांनी फक्त पाळण्यात नाव घातलं. १९५९ साली बिमल रॉय यांनी अस्पृश्य घरात जन्मलेल्या मुलीवर सिनेमा काढला, नूतन होती त्यात, आणि त्याचंही नाव 'सुजाता'च. आत्या मात्र म्हणायची, माझं नाव सिनेमावरनं नाही हं, सिनेमाच्या आधीचं आहे.

माझं नाव संघमित्रा. सम्राट अशोकाची मुलगी. बोधिवृक्षाची फांदी घेऊन ती श्रीलंकेला गेली आणि अनुराधपूरला ते झाड अजून आहे. पाचवीत तुम्ही मला 'संघू' केलंत, काहींनी 'संगमेश्वर'ही केलंत, ते मी विसरलेले नाही! पण हजेरी घेताना आपल्या वर्गशिक्षिका बाईंनी पाच वर्षांत एकदाही माझं नाव तोडलं नाही. इतिहासात अशोकाचा धडा आला, तेव्हा त्यांनी भिंतीवरच्या नकाशापाशी मला बोलावलं, हातात पट्टी दिली आणि पाटलीपुत्रापासून सिंहलद्वीपापर्यंतचा रस्ता दाखवायला लावला. 'हिच्या नावाची बाई या रस्त्यानं गेली,' एवढंच म्हणाल्या. बाई आज समोर बसल्या आहेत. त्यांना कदाचित आठवतही नसेल.

२००२ मध्ये पुण्यात नोकरीची मुलाखत होती. कंपनीचं नाव सांगत नाही, सांगण्यासारखं काही नाही. समोरचे गृहस्थ अर्ज पाहून खूश झाले. 'संघमित्रा! वा. बंगाली का?' म्हटलं, नाही, सोलापूर. 'अच्छा.' मग आडनाव पुन्हा एकदा वाचलं, आणि 'अच्छा' पुन्हा एकदा, पण वेगळ्या सुरात. त्यापुढचे प्रश्न सी प्लस प्लसवरचे नव्हते. वडील काय करतात, प्रवेश कोणत्या जागेतून मिळाला, असे होते. नोकरी तिथे मिळाली नाही, दुसरीकडे मिळाली आणि बरी मिळाली.

मला त्या दिवशी वाईट वाटलं त्यापेक्षा जास्त कुतूहल वाटलं. कारण गृहस्थांचं चुकलं नव्हतं. बंगालमध्ये, ओडिशात संघमित्रा हे नाव सवर्ण घरांत सर्रास असतं. भुवनेश्वरला त्याच नावाला कोणी वळून बघणार नाही. अक्षरं तीच, उच्चार जवळजवळ तोच. अर्थ मात्र गाडीनं एका दिवसाच्या अंतरावर बदलतो.

हे कोडं मला सुटलं ते सातासमुद्रापलीकडच्या एका मुलीमुळे. आमच्या अमेरिकेतल्या टीममध्ये नवीन इंजिनिअर आली. ईमेलवर नाव आलं: तनिशा. पुण्यातल्या आमच्या सगळ्या मंडळींनी ठरवून टाकलं की ही आपलीच, पंजाबी असेल नाहीतर मुंबईची. कॅमेरा सुरू झाला तेव्हा समोर अटलांटाची कृष्णवर्णीय बाई, माझ्याच वयाची. आम्ही दोघी मनापासून हसलो. तिला हा अनुभव उलट बाजूनं होता: तिकडे नाव कागदावर दिसलं, की तिचा चेहरा न पाहताच लोकांना तो कळायचा.

नंतर हळूहळू तिनं सांगितलं आणि मी वाचलं. गुलामांच्या जहाजातून आलेल्या माणसांची नावं मालकांनी पुसली आणि आपल्या सोयीची ठेवली. ॲलेक्स हेली यांच्या 'रूट्स' या १९७६ च्या पुस्तकावर पुढच्याच वर्षी टीव्ही मालिका आली. त्यात कुंटा किंटेला 'टोबी' म्हण, म्हणून चाबकानं फोडतात, तो प्रसंग अख्ख्या अमेरिकेनं पाहिला. त्या साली तिथे मुलींची 'किझी' ही नावं एकदम वाढली, मालिकेतल्या मुलीवरून. त्याआधीच, साठच्या दशकात, नागरी हक्कांच्या लढ्याबरोबर नावांची नवी लाट सुरू झाली होती. काहींनी स्वाहिलीतून घेतली: इमानी म्हणजे श्रद्धा, निया म्हणजे उद्देश. १९६६ साली सुरू झालेल्या 'क्वांझा' या त्यांच्या सणाच्या सात तत्त्वांपैकी ही दोन. काहींनी अरबीतून आयेशा घेतली. आणि कितीतरी आयांनी नावं स्वतः घडवली. पुढे 'ला' लावायचं, शेवटी 'ईशा': लाकीशा, लाटीशा, तनिशा. तनिशाचा धागा हौसा भाषेतल्या 'तानी'शी, म्हणजे सोमवारी जन्मलेल्या मुलीच्या नावाशी जोडतात. पण तिच्या आईला हौसा येत नव्हती. तिला मालकाच्या यादीत नसलेलं नाव हवं होतं, एवढंच.

लोक या नावांना हसतात. 'याला अर्थ काय?' असं विचारतात. मला हा प्रश्न फारसा पटत नाही. किझीला, लाकीशाला कोशात अर्थ नसेल, पण ते नाव कोणी आणि कशाला ठेवलं, हा अर्थ नाही तर काय आहे? आमची नावं पालीतून आली, त्यांची अर्धी हवेतून. काम एकच करत होती. आपल्याकडे १९७२ मध्ये दलित पँथर निघाली तेव्हा नाव तिकडच्या ब्लॅक पँथरवरून घेतलं, म्हणजे ही ओळख एकमेकांना तेव्हाच पटली होती.

किंमत मात्र दोन्हीकडे मोजावी लागते. बर्ट्रांड आणि मुल्लैनाथन या दोन अर्थशास्त्रज्ञांनी बोस्टन आणि शिकागोत नोकरीच्या जाहिरातींना सुमारे ५००० अर्ज पाठवले. पात्रता सारखी, फक्त नावं वेगळी: काहींवर एमिली, ग्रेग, काहींवर लाकीशा, जमाल. एमिलीला दहा अर्जांमागे एक बोलावणं आलं, लाकीशाला साधारण पंधरांमागे एक. २००४ मध्ये हा अभ्यास छापून आला. आपल्याकडे सुखदेव थोरात आणि पॉल ॲटवेल यांनी असाच प्रयोग केला, तो २००७ मध्ये प्रसिद्ध झाला. खासगी कंपन्या, वर्तमानपत्रातल्या जाहिराती, सारखीच पदवी. दलित नावाच्या अर्जाला पुढे बोलावणं येण्याची शक्यता सवर्ण नावाच्या साधारण दोन तृतीयांश निघाली, मुस्लिम नावाची तर एक तृतीयांश. शबाना, नसीम, तुम्हाला हे आकडे मी सांगायची गरज नाही.

तनिशानं काही वर्षं अर्जावर फक्त 'टी.' लिहिलं होतं. मला तो मोह झाला नाही असं नाही, पण 'एस.' लिहून पुढे आडनाव होतंच.

मग माझी मुलगी झाली. खरी अडचण तेव्हा आली. नवरा म्हणाला, ओवी ठेवू, स्वरा ठेवू. सुंदर नावं आहेत, आणि त्यातून काही कळत नाही. तिला कोणी 'अच्छा' म्हणणार नाही. त्याचं म्हणणं चूक नव्हतं, तोही तेच भोगून आला होता. आम्ही दोन आठवडे भांडलो. रुग्णालयाच्या कागदावर तेवढे दिवस 'बेबी ऑफ' असंच होतं. शेवटी आत्या येऊन बसली आणि तिनं बाळाच्या कानात स्वतःचंच नाव सांगून टाकलं. म्हणजे मुलगी सुजाता. आता ती नववीत आहे आणि तिची तक्रार जातीबद्दल नाही, 'आई, हे नाव आजींचं वाटतं' अशी आहे. मैत्रिणी तिला 'सूझी' म्हणतात. यावर मी काय बोलणार? मला तुम्ही संगमेश्वर केलं होतंत.

आता शेवटचं, आणि हे जरा कामाचं आहे. या मेळाव्यासाठी मुलींना शोधायचं काम माझ्याकडे होतं. मुलगे दोन दिवसांत सापडले. मुली शोधायला सात महिने लागले. कारण आडनाव बदलतं हे आपण धरून चालतो, पण आपल्यातल्या अकरा जणींचं पहिलं नावही लग्नात बदललं. ताटातल्या तांदळात अंगठीनं नवं नाव लिहिलं आणि शाळेतली मुलगी कुठल्याच यादीत उरली नाही. आपल्यातली एक तर जन्मापासून 'नकुशा' होती. २०११ मध्ये साताऱ्यात २८५ मुलींची ही अशी 'नकोशी' नावं समारंभानं बदलली, तेव्हा कित्येकींनी स्वतःच नवं नाव निवलं. आपल्या मैत्रिणीचं सासरी बदललं, तिला न विचारता. ती मला फोनवर म्हणाली, दुसरं नाव चांगलंय ग, पण तेही मी ठेवलेलं नाही.

तर मैत्रिणींनो, स्मरणिकेच्या यादीत मी तुमच्यासाठी तीन रकाने ठेवलेत: शाळेतलं नाव, आताचं नाव, आणि तुम्हाला छापून हवं असलेलं नाव. तिसरा रकाना रिकामा आहे. जेवणाच्या हॉलच्या दाराशी कागद आणि पेन ठेवलंय. जेवायला जाण्याआधी तेवढं भरा. नकुशानं तिचं सकाळीच भरलंय, पण तिनं मला सांगितलंय की छापून येईपर्यंत कोणाला सांगायचं नाही.