डबक्याविना बेडूक

संकुचित वृत्तीच्या माणसाला आपण 'कूपमंडूक' म्हणतो. बेडूक म्हटला की विहीर, डबकं आणि पाण्यात वळवळणारी शेपटीवाली पिल्लं, हे शाळेपासून आपल्या डोक्यात पक्कं बसलेलं असतं. पण ज्याला ना विहीर लागते ना डबकं, असाही बेडूक आपल्या सह्याद्रीत आहे.

पाऊस स्थिरावला की संध्याकाळी झुडपांतून 'टिक् टिक् टिक्' ऐकू येतं. एखादा किडा असावा असं वाटतं. असतो तो झुडपी बेडूक! लांबी जेमतेम अडीच सेंटिमीटर. बोटांच्या टोकांना चपट्या गाद्या, त्यामुळे ओल्या पानावरही पकड सुटत नाही. नर गळ्याची पिशवी फुगवून मादीला साद घालतो.

खरी नवलाई पुढे आहे. या गणातल्या अनेक जातींच्या माद्या ओलसर मातीत, पाल्याखाली किंवा पानावर मोजकी अंडी घालतात. शेपटीचं बालपण अंड्याच्या आतच उरकतं आणि बाहेर येतो तो चार पायांचा इवलासा बेडूक. तमिळनाडूतल्या कळक्काड-मुंडनथुराईच्या जंगलात याच कुळातली एक जात बोरूच्या पोकळीत अंडी घालते. तिथे बाप राखण करतो. बापाला बाजूला केलं, तर दुसरे नर ती अंडी खाऊन टाकतात, असं अभ्यासकांना आढळलं.

या बेडकांच्या गणाला २०१० साली 'राओर्चेस्टिस' हे नाव मिळालं, ते सी. आर. नारायण राव या भारतीय अभ्यासकाच्या स्मरणार्थ. २०१३ मध्ये महाराष्ट्राच्या सह्याद्रीतून नोंदलेल्या एका जातीला पुण्याचे प्राणिशास्त्रज्ञ हेमंत घाटे यांचं नाव दिलं गेलं. म्हणजे आपल्या अंगणातली ही ओळख अजून ताजीच आहे.

डबकं नको, म्हणजे पाणी नको असं मात्र नव्हे. यांचं पाणी हवेतल्या दमटपणात असतं, पाल्याखालच्या ओलीत असतं. झुडपं तोडली, उन्हाळ्यात डोंगराला वणवा लावला, पाऊस मध्येच रुसला, की अंडी सुकतात. २०२३ साली जाहीर झालेल्या जागतिक पाहणीत आठ हजारांवर उभयचर जाती तपासल्या गेल्या. त्यांतल्या सुमारे ४१ टक्के धोक्यात आहेत.

तळं राखायला हवं, हे आपल्याला पटतं. पायवाटेकडेच्या झुडपाला मात्र आपण 'रान माजलंय' म्हणतो आणि कोयता चालवतो. त्या माजलेल्या रानातच कुणाचं तरी अख्खं तळं असतं, एवढं लक्षात ठेवू या.