अप्पा बळवंत चौकातलं जुनं पुस्तक



मी नंदुरबारकडच्या रनाळ्याचा. आमच्याकडची कॉलेजं 1990 पर्यंत पुणे विद्यापीठाला जोडलेली होती. त्या वर्षी जळगावला उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ निघालं. त्याआधी आम्ही शिकायचो नंदुरबारला आणि पदवीवर नाव पुण्याचं. एका जूनमध्ये पुस्तकांची यादी खिशात घालून मी रात्रीच्या एस.टी.त बसलो. निघताना आबा एवढंच म्हणाले, "पैसा जपीसन वापरजो."

पुण्यात ज्याला विचारावं तो एकच पत्ता सांगे, अप्पा बळवंत चौक. अप्पा बळवंत म्हणजे पानिपताच्या मोहिमेत पडलेल्या बळवंतराव मेहेंदळ्यांचे चिरंजीव. हत्तीवरून तोल जाणाऱ्या सवाई माधवरावांना अप्पांनी इथेच सावरलं, असं सांगतात.

चौक म्हणजे मोकळं मैदान असेल असं मला वाटलं होतं. पाहतो तो दाटीवाटीचा रस्ता, छतापर्यंत पुस्तकं रचलेली अरुंद दुकानं, आणि फळीशी माझ्यासारखीच यादी घेऊन उभी असलेली पोरं. पुस्तकाचं नाव सांगितलं की वरच्या माळ्यावरून पोऱ्या ते खाली टाकी.

"नवं देऊ की जुनं?"

त्या प्रश्नाने माझा जीव भांड्यात पडला. जुनं निम्म्या किमतीला मिळे, आणि परीक्षेनंतर परत आणलं तर त्यातलेही थोडे पैसे हाती येत. गावाकडच्या किती मुलांची पदवी या व्यवहारावर उभी आहे!

तिथून काही मिनिटं चालत गेलं की भिडेवाडा लागे. जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी 1848 मध्ये मुलींची शाळा काढली ती तिथे. जीर्ण झालेला तो वाडा 2023 च्या डिसेंबरात स्मारकासाठी पाडला. 1848 मध्येच लोकहितवादींच्या पुढाकाराने सार्वजनिक ग्रंथालय सुरू झालं, आजचं पुणे नगर वाचन मंदिर. तेही याच परिसरात. पुणे विद्यापीठ आलं 1949 मध्ये. पुस्तक सगळ्यांच्या हाती पडावं ही धडपड या गल्ल्यांत त्याच्या शंभर वर्षं आधीपासून चालू होती. म्हणून मला ही दुकानं इतिहासाचाच भाग वाटतात.

मी घेतलेल्या अर्थशास्त्राच्या पुस्तकात कुणीतरी पेन्सिलीने अवघड शब्दांचे सोपे अर्थ लिहून ठेवले होते. वर्षभर मी त्यांच्या आधाराने वाचलं. पुढच्या उन्हाळ्यात ते पुस्तक विकायला नेण्याआधी मी पहिल्या पानावरचं माझं नाव खोडलं. पेन्सिलीचे अर्थ तसेच ठेवले, आणि राहिलेल्या दोन प्रकरणांतले मी लिहिले.